घर, खोली, फ्लॅट

आजी मरेपर्यंत गावालाच घर म्हणायची. ‘घरला जाऊन येते’ म्हंजे महारवाड्यात जाऊन येते. कसलं घर? वेशीबाहेरचं कुडाचं खोपट. त्याच्या बदल्यात मेलेली ढोरं ओढा, सांगावे पोचवा, हाक आली की पळा. १९५८ च्या कायद्यानं महारवतन गेलं. आजा मुंबईला आला. आजीचं घर मात्र तिथंच राह्यलं.

बाप वरळीच्या बीडीडी चाळीत वाढला. इंग्रजांनी १९२० च्या दशकात बांधलेली चाळ. एका इमारतीत ८० खोल्या, एक खोली १६० चौरस फूट, तीत आमची नऊ माणसं. बाप कधी घर म्हणाला नाही. ‘खोलीवर जातो’ म्हणायचा. ५ जानेवारी १९७४ ला पँथरची सभा झाली, दंगल पेटली, चाळ चाळीवर दगड फेकू लागली. १० तारखेला परळच्या मोर्च्यात भागवत जाधव शहीद झाला. बाप तेव्हा सोळा वर्षांचा. तो सांगतो, ‘त्या महिन्यात कळलं, खोली आपली हाय. पळालो न्हाई म्हणून आपली हाय.’

ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीत पहिल्या ५५६ भाडेकरूंना नव्या टॉवरच्या चाव्या मिळाल्या. त्यात आम्हीही. ५०० चौरस फूट, मालकीचे. दोस्तांनो, चावी घ्या, लाजू नका. ही कुणाची भीक नाही. तीन पिढ्यांनी जागा धरून ठेवली, त्याची ही वसुली आहे.

पण सामान लावताना मीच म्हटलं, ‘बाबासाहेबांचा फोटो आत बेडरूममध्ये लावू. हॉल मोकळा दिसेल.’ खरं कारण हॉल नव्हता. ऑफिसातले लोक येणार होते. बाप एवढंच बोलला, ‘खोलीला आत-बाहेर नव्हतं रे.’

थोबाडीत बसली. गावाची वेस दुसऱ्यांनी आखली होती. हॉल आणि बेडरूममधली ही वेस आपली आपण आखतोय. या शहरात आजही आडनाव ऐकून भाड्याची खोली नाकारतात. ज्यांना नाकारली, त्यांनी आपलं दार ओळखायचं कसं? आपणच पाटीवरून आडनाव खरवडून काढलं, तर आपण कुणाच्या बाजूला उभे?

फोटो हॉलमध्ये आणलाय. पाटी रंगवायला टाकलीय, पुऱ्या आडनावासकट. तुमच्या दारावर काय लिहिलंय, आज घरी गेल्यावर बघा.