परकें फळ, घरची अढी

स्वयंपाकघरांत नवा पदार्थ आला म्हणजे त्याच्या पाठोपाठ एक वादही घरांत येतो. तरुण मंडळी त्याच्या बाजूची, वडील मंडळी त्याच्या विरुद्ध, आणि मधल्या पिढीनें खर्चाचा हिशेब मांडावयाचा, अशी ही ठरलेली वांटणी असते. आमच्या विलेपार्ल्याच्या घरीं यंदाच्या पावसाळ्यांत हा वाद 'ग्वाकामोले' या पदार्थावरून झाला. पदार्थ अगदीं साधा. कृति दहा मिनिटांची. परंतु त्या दहा मिनिटांच्या आधीं चार दिवसांची एक विद्या लागते, आणि ती विद्या आमच्याच घरांतील एका खोलींत स्वस्थ बसून होती, हें आम्हांला उशिरां उमगलें. म्हणून ही हकीकत कृतीसह वाचकांपुढें ठेवीत आहों.

ग्वाकामोले म्हणजे अ‍ॅव्होकाडो या फळाच्या गराची, मीठ, मिरची व लिंबू घालून केलेली ओली चटणी. ही मूळची मेक्सिको देशाची. तेथील नाहुआत्ल भाषेंत 'आहुआकात्ल' म्हणजे हें फळ आणि 'मोल्ली' म्हणजे कालवण किंवा चटणी. या दोन शब्दांच्या जोडीनें पदार्थाचें नांव झालें. १५२१ सालीं स्पॅनिश लोकांनीं तेथील राजधानी जिंकली, त्याच्याही पूर्वीपासून हा पदार्थ तेथें आहे. फळ दिसावयास अपरिचित असलें तरी कुळानें दालचिनी व तमालपत्र यांचें नातलग आहे. आपल्या देशांत कूर्ग, निलगिरी, वायनाड अशा दक्षिणेकडील डोंगरी भागांत तें पिकतें आणि तिकडे त्याला 'बटर फ्रूट' म्हणतात. आतां परदेशांतूनही तें येऊं लागलें असून पार्ल्याच्या बाजारांत पेरू-पपईच्या शेजारीं दिसतें.

आमच्या सूनबाईनें एका रविवारीं अशीं चार फळें आणलीं. रंगानें हिरवीं, हाताला दगडासारखीं कठीण. त्याच दिवशीं पाहुणे जेवावयास होते, तेव्हां थांबावयास वेळ नव्हता. तिनें दोन फळें चिरलीं. गर सालीपासून सुटेना. कसाबसा खरवडून मिक्सरमध्यें घातला. पातें फिरेना म्हणून पाणी घातलें. जें तयार झालें तें फेसाळ, कडसर आणि रबरासारखें कणीदार होतें. पानांत वाढलेलें तसेंच राहिलें, आणि संध्याकाळपर्यंत भांड्यांतील उरलेल्याचा रंग काळसर झाला. "एवढ्या पैशांत दोन दिवसांची भाजी आली असती," असें आम्ही पाहुण्यांच्या देखत बोलून गेलों. सूनबाई कांहीं बोलली नाहीं. तिनें भांडें उचललें आणि स्वतःच घांसून ठेवलें. आमचें बोलणें हिशेबाच्या दृष्टीनें खोटें नव्हतें. पण तें बोलण्याची ती वेळ नव्हती, हें भांड्याचा आवाज ऐकतांनाच आम्हांला कळलें.

उरलेलीं दोन फळें टेबलावर पडून होतीं. आमच्या सासूबाईंचें वय चौऱ्याऐंशीं. गुडघे धरल्यापासून त्यांचें स्वयंपाकघरांत येणें जवळजवळ बंद झालेलें. ताट खोलींतच जातें. त्या दिवशीं पाणी प्यावयास म्हणून त्या आल्या, त्यांनीं एक फळ उचलून देठापाशीं अंगठ्यानें हलकेंच दाबलें, नाकाशीं धरलें, आणि सूनबाईला हांक मारली.

"अग, हें अढीचें फळ दिसतंय. झाडावरून उतरलें म्हणजे खायला झालें असें नसतें. आंबा कधीं उतरल्या दिवशीं चिरला का कोणीं?"

"पण आजी, फ्रिजमध्यें ठेवलें तर पिकेल ना?"

"थंडींत कसें पिकेल? तांदळाच्या डब्यांत घाल. आणि एक पिकलेलें केळें ठेव सोबतीला."

सासूबाईंचें माहेर राजापूरकडील. लहानपणीं गवताच्या थरांत आंबे मांडणें, रोज उलथून पाहणें, तयार झालेला निवडून काढणें, हीं कामें त्यांच्या हातचीं. त्यांनीं अ‍ॅव्होकाडो जन्मांत प्रथमच पाहिला होता, तरी त्यांचें म्हणणें शास्त्राला अक्षरशः धरून आहे. हें फळ झाडावर असेंपर्यंत मऊ होत नाहीं. उतरविल्यावरच पिकूं लागतें. पिकतांना फळांतून इथिलीन नांवाचा वायु सुटतो आणि तोच पिकण्याला चालना देतो. केळ्यांतून तो पुष्कळ सुटतो, आणि तांदळांत अथवा कागदांत तो कोंडून राहतो. थंडी ही क्रिया मंदावते; म्हणून कच्चें फळ शीतपेटींत ठेवूं नये, पिकलेलें मात्र दोन-तीन दिवस तेथें राहतें.

रंगावरही फार विसंबूं नये. 'हास' जातीचें खरबरीत सालीचें फळ पिकतांना काळसर जांभळें होतें. रुडॉल्फ हास या कॅलिफोर्नियांतील टपालवाल्यानें १९३५ सालीं आपल्या परसांतील ज्या झाडाचें पेटंट घेतलें, त्याची ही जात आज जगभर पसरली आहे. परंतु दक्षिणेकडील कित्येक जातींचें फळ पिकूनही हिरवेंच राहतें. खरी परीक्षा अंगठ्याची. दाब हलकेंच मानला तर फळ तयार. खड्डा पडून तसाच राहिला तर उतरलेलें.

मधल्या दिवसांत घरांत दुसरा आक्षेप निघाला: आपल्या पानांत हें परकें फळ कशाला? आक्षेप घेणारांनीं तो एकादशीच्या दिवशीं, साबुदाण्याच्या खिचडीचा घांस घेत घेतला. ज्या कंदापासून साबुदाणा होतो तो कंद, खिचडींतील बटाटा, दाणे आणि हिरवी मिरची, शिवाय रताळें, हीं सारीं मूळचीं अमेरिका खंडांतलीं. पोर्तुगीज वगैरे युरोपीय लोक समुद्रमार्गें येऊं लागल्यानंतरच तीं आपल्याकडे आलीं. तीं आज उपासालासुद्धां चालतात. आमच्या पार्ल्यांतच १९२९ सालीं निघालेला कारखाना २०१६ सालीं बंद पडला. पण त्यानें देशभर पोंचविलेलें बिस्किट कोणाला परकें वाटतें? तेव्हां फळ कोठलें हा प्रश्न सोडून, तें घरांत नीट हाताळलें जातें का, हाच प्रश्न विचारावा हें बरें.

चौथ्या दिवशीं सकाळीं सासूबाईंनीं डब्यांत हात घालून निकाल दिला, "आज. उद्यां नको." पाटा-वरवंटाही त्यांनींच काढावयास लावला. मेक्सिकोंतही हा पदार्थ मूळचा तीन पायांच्या काळ्या दगडी खलांत रगडतात, आणि आपला पाटाही काळ्या दगडाचाच. मिक्सर गराचें पीठ करतो. दगड त्याला चिरडतो आणि मधूनमधून फोडी राखतो. चव त्या फोडींत आहे. कृति येणेंप्रमाणें:

पिकलेलीं मध्यम फळें दोन, हिरव्या मिरच्या एक-दोन, लहान कांदा अर्धा, मूठभर कोथिंबीर, एका लिंबाचा रस, मीठ चवीप्रमाणें. हें चार-पांच माणसांना पुरतें. प्रथम मिरची, मीठ, कोथिंबीर व थोडा कांदा पाट्यावर ओबडधोबड वाटावा. मग फळ उभें, बीपर्यंत सुरी फिरवून चिरावें व दोन्ही भाग उलटसुलट पिळून सोडवावे. बी चमच्यानें काढावी. सुरीचें टोंक मारून काढूं नये, कारण सुरी निसटून तळहात कापण्याचे प्रकार यांतच होतात. गर चमच्यानें काढून वाटणांत घालावा, वरवंट्यानें चार-सहा वेळां दाबावा, आणि लिंबाचा रस व उरलेला बारीक चिरलेला कांदा कालवावा. टोमॅटो आवडत असल्यास बिया व पाणी काढून घालावा. चातुर्मासांत कांदा वर्ज्य असलेल्या घरांनीं तो मुळींच घालूं नये. पदार्थ अडत नाहीं. आम्हीं सासूबाईंचा वांटा बिनकांद्याचा आधीं काढून मग पुढें चाललों.

मेक्सिकोंत हा मक्याच्या पातळ भाकरीशीं किंवा तिच्या तळलेल्या तुकड्यांशीं खातात. आमच्याकडे तो ज्वारीच्या भाकरीशीं व भाजलेल्या पापडाशीं उत्तम लागला. ज्यांना दांतांची अडचण आहे त्यांना तर तो मऊ भाताशींही चालतो.

आतां काळें पडण्याविषयीं. चिरलेलें वांगें, केळें, सफरचंद ज्या कारणानें काळवंडतें त्याच कारणानें हा गर काळवंडतो: फळांतील एक द्रव्य हवेशीं मिळून रंग बदलतें. लिंबाचा आंबटपणा तें लांबवितो, थांबवीत नाहीं. भांड्यांत बी ठेवली म्हणजे चटणी हिरवी राहते असें सांगतात. पण बीखालीं झांकलेला भागच तेवढा हिरवा राहतो. केळीचें पान अगदीं गराला चिकटवून झांकलें तर तास-दोन तास निभावतात. खरा उपाय एकच: खाणारीं माणसें पानांवर बसलीं कीं करावें. आमच्या चिरंजीवांचा त्या रात्रीं उशीर होणार म्हणून निरोप आला, तेव्हां सासूबाईंनीं एक फळ न चिरतां बाजूला ठेवविलें. "चटणी राखूं नये, फळ राखावें," असें त्या म्हणाल्या. आमच्या घरांत हल्लीं प्रत्येकाचें जेवण वेगवेगळ्या वेळीं होतें. त्या रात्रीं मात्र एक सोडून सारे एकदम बसले, पदार्थानेंच बसविलें.

गुणाविषयीं थोडें. शंभर ग्रॅम गरांत सुमारें पंधरा ग्रॅम स्निग्धांश आणि सात ग्रॅम चोथा असतो, साखर नाममात्र. स्निग्धांश बहुतेक ऑलिव्ह तेलांत असतो त्या जातीचा, म्हणजे हितकर आहे. तरी तो स्निग्धांशच आहे, म्हणून त्या दिवशीं तूप-तेलाचा हात आंखडावा. पोटॅशियम पुष्कळ असल्यामुळें मूत्रपिंडाच्या रोग्यांनीं वैद्यांना विचारूनच खावें. घरांत पोपट असल्यास त्याला याचा गर किंवा साल चुकूनही घालूं नये. पक्ष्यांना हें फळ विषासमान आहे. आणि फळ महाग आहे, हें आमचें म्हणणें आजही कायम आहे. दाणे, तीळ, खोबरें यांनीं जें पोषण होतें त्यासाठीं तें रोज आणण्याचें कारण नाहीं. महिन्यांतून एकदां, सारे घरीं असतील त्या रविवारीं, आणावें.

आमच्याकडे तसा परिपाठ पडला आहे. बुधवारीं-गुरुवारीं फळें येतात आणि डब्यांत जातात. सासूबाईंचें ताट अजून खोलींतच जातें. पण सकाळीं एकदां त्या काठी टेकीत डब्यापर्यंत येतात. आणि शनिवारीं दुपारीं सूनबाईचा ऑफिसांतून फोन येतो, तो हल्लीं आमच्यासाठीं नसतो. "आजींना द्या," एवढेंच ती म्हणते, आणि पलीकडून विचारते, "आजी, उद्यां होईल का, कीं सोमवार?"