एरिन चालते, मग शांती का नको?

गेल्या मे महिन्यातील गोष्ट. एक तरुण दांपत्य आपल्या पहिल्या कन्येच्या स्नानसंस्काराची नोंद करण्यासाठी आमच्या कार्यालयात आले होते. अर्जावर नावाच्या रकान्यात ‘एरिन’ असे लिहिलेले. आम्ही सहज विचारले, ‘‘या नावाचा अर्थ काय?’’ बाप अभिमानाने उत्तरला, ‘‘शांती, फादर. आयरिश नाव आहे, अगदी कॅथलिक.’’ कोपऱ्यात बसलेली त्याची आई हळूच म्हणाली, ‘‘मी तर शांतीच ठेवा म्हणत होते.’’ त्यावर मुलगा पटकन बोलून गेला, ‘‘आई, ते हिंदूंचं नाव झालं ना!’’ म्हातारी गप्प झाली.

त्या क्षणी आम्हीही गप्प बसलो. मात्र तेव्हाचे मौन आता मोडणे आमचे कर्तव्य आहे. एकाच अर्थाचे नाव परक्या उच्चारात आले की ख्रिस्ती ठरते आणि मायबोलीत आले की परधर्मी ठरते, हा न्याय कोणत्या शास्त्रातला?

प्रथम ‘एरिन’चीच झडती घेऊ. नावांच्या काही पुस्तकांतून ‘एरिन म्हणजे शांती’ असा अर्थ दिलेला आढळतो. तो चुकीचा आहे. ‘शांती’ असा अर्थ असलेले नाव ‘आयरीन’. ते ग्रीक भाषेतील ‘एइरेने’ या शब्दापासून आले. उच्चाराच्या साम्यामुळे दोहोंची गल्लत झाली, इतकेच. एरिन हे मुळी देशाचे नाव आहे. आयरिश भाषेत आयर्लंडला ‘एरे’ म्हणतात. मराठीप्रमाणे त्या भाषेतही नामाला विभक्ती लागते आणि ‘एरे’चे चतुर्थीचे रूप ‘एरिन्’ असे होते. इंग्रजीने ते रूप उचलले आणि त्यालाच नाव बनवले. एखाद्या परदेशी पाहुण्याने ‘वसईला’ हा शब्द ऐकून तेच गावाचे नाव समजावे, तसाच हा प्रकार!

आणि ‘एरे’ तरी कोठून आले? मध्ययुगीन आयरिश ग्रंथांतील कथेनुसार एरिऊ, बान्बा आणि फोदला या तीन बहिणी त्या भूमीच्या राण्या होत्या. बाहेरून आलेल्या विजेत्यांकडे तिघींनीही आपले नाव या भूमीला लाभावे असा वर मागितला. एरिऊचे नाव मुख्य ठरले. ही एरिऊ ख्रिस्तपूर्व काळातील देवता मानली जाते. भाषाशास्त्रज्ञ तिच्या नावाचा अर्थ ‘समृद्ध, सुपीक भूमी’ असा लावतात आणि त्याचे नाते संस्कृतातील ‘पीवरी’, म्हणजे पुष्ट, भरलेली, या शब्दाशी जोडतात. म्हणजे ज्या संस्कृतापासून पळून आमचा तरुण आयर्लंडच्या किनाऱ्याला लागला, तिथेही तिची मावसबहीणच त्याच्या स्वागताला उभी!

‘अगदी कॅथलिक’ या दाव्याचेही तसेच. आयरिश बोलणाऱ्या समाजात एरिन हे मुलीचे नाव परंपरेने नव्हते. इंग्रजी कवितेत हा शब्द रुजवण्यात विल्यम ड्रेनन यांच्या १७९५ मधील कवितेचा वाटा होता; हे बेलफास्टचे डॉक्टर एका प्रेस्बिटेरियन पाळकाचे पुत्र होते. पुढे १८०८ पासून डब्लिनच्या थॉमस मूर यांच्या गीतांनी तो घरोघरी नेला. मग १८४५ ते १८५२ चा महादुष्काळ आला. सुमारे १० लाख माणसे भुकेने आणि रोगराईने मेली, त्याहून अधिक देश सोडून गेली. समुद्रापलीकडे गेलेल्या या लेकरांच्या तोंडी ‘एरिन’ हा सोडून आलेल्या आईसाठीचा शब्द झाला आणि विसाव्या शतकात प्रामुख्याने अमेरिकेतील त्यांच्या वंशजांनी तो आपल्या मुलींना दिला. त्यांनी हे नाव विरहातून घेतले. आम्ही ते कशातून घेतो? कानाला गोड लागते म्हणून, आणि शाळेच्या पटावर ‘मॉडर्न’ दिसते म्हणून!

आयरिशांचे अनुकरण करायचेच असेल, तर त्यांची दुसरी एक कहाणी आपण ऐकावी. परक्या राज्यसत्तेखाली त्यांची भाषा मागे हटली, तशी त्यांची नावेही पुसली गेली. धर्मग्रामांच्या नोंदवह्या लॅटिनमध्ये किंवा इंग्रजीत लिहिल्या जात. घरात ज्याला ‘तायग’ म्हणत, तो वहीत ‘टिमोथी’ झाला. ‘डीर्मिद’चा ‘जेरेमाया’ झाला. कॉर्क परगण्यातील बॅलिवूर्नी येथे जिची भक्ती आजही होते, त्या संत गोबनेतचे नाव धारण करणाऱ्या मुली ‘डेबोरा’ किंवा ‘ॲबिगेल’ म्हणून नोंदल्या गेल्या. एका आयरिश संत स्त्रीचे नावसुद्धा ख्रिस्ती लोकांनीच बदलावे, केवळ ते गावंढळ वाटते म्हणून! १८९२ मध्ये डग्लस हाइड यांनी या लाजेविरुद्ध आवाज उठवला, १८९३ मध्ये ‘गेलिक लीग’ स्थापन झाली, आणि हळूहळू तो समाज आपल्या आज्यांची नावे पुन्हा अभिमानाने घेऊ लागला. आयर्लंडने जी लाज टाकून दिली, तीच आपण आयरिश नावात गुंडाळून घरी आणावी, हा केवढा दैवदुर्विलास!

कोणी म्हणेल, ‘‘फादर, संताचे नाव हवे, हा तर ख्रिस्तसभेचा नियम.’’ १९१७ च्या धर्मसंहितेत ख्रिस्ती नाव देण्याचा आग्रह होता, हे खरे. परंतु आईबापांनी ऐकले नाही तर त्यांनी दिलेल्या नावाला एखाद्या संताचे नाव जोडून दोन्ही नोंदवावीत, असेच त्यातही म्हटले होते. १९८३ च्या संहितेतील कलम ८५५ तर एवढेच सांगते की, ख्रिस्ती भावनेला परके असलेले नाव दिले जाऊ नये याची आईबाप, धर्ममातापिता आणि धर्मगुरू यांनी काळजी घ्यावी. शांती ही ख्रिस्ती भावनेला परकी आहे काय? बंद दाराआड भ्यालेल्या शिष्यांना पुनरुत्थित प्रभूने काय दिले? दर रविवारी मिस्सामध्ये शेजाऱ्याकडे वळून आपण काय देतो?

संतांकडेच पाहा. इ.स. ३०४ मध्ये थेस्सलनीका नगरीत तीन बहिणी श्रद्धेसाठी हुतात्मा झाल्या: आगापे, खियोनिया आणि आयरीन. मराठीत सांगायचे तर प्रीती, हिमा आणि शांती! त्यांच्या घरच्या भाषेतील ते साधे शब्द होते. मार्टिन हे नाव रोमनांच्या युद्धदेवतेवरून आले, इसिदोर म्हणजे इजिप्तच्या इसिस देवतेचे दान. आयर्लंडची संत ब्रिजिदसुद्धा एका जुन्या देवतेचे नाव धारण करणारी. नावाने या माणसांना संत केले नाही. त्यांच्या जगण्याने नाव पावन झाले.

हे लिहिताना आम्ही स्वतःला आरोपीच्या पिंजऱ्याबाहेर ठेवू इच्छित नाही. गुरुदीक्षेनंतरच्या पहिल्याच वर्षी भर पावसात जन्मलेल्या लेकीचे नाव ‘वर्षा’ ठेवायला एक शेतकरी आला होता. सेमिनरीतून ताजे बाहेर पडलेले आम्ही ‘हे ख्रिस्ती नाव नव्हे’ म्हणून अडून बसलो आणि एका युरोपीय संत स्त्रीचे नाव वहीत लिहिले. जुन्या संहितेनेही जे सांगितले नव्हते, ते आम्ही नव्या संहितेच्या काळात केले! पंचवीस वर्षांनी त्या मुलीच्या लग्नाची घोषणा चर्चमध्ये झाली, तेव्हा शेजारीपाजारी एकमेकांना विचारू लागले, ‘‘ही कोण?’’ गावाने तिला कधी त्या नावाने हाक मारलीच नव्हती. त्या शेतकऱ्याची क्षमा मागायला आम्ही गेलो, तोवर तो प्रभूघरी गेला होता.

म्हणून आमचे म्हणणे सरळ आहे. एरिन हे नाव आम्ही नाकारले नाही, नाकारणार नाही. त्या बालिकेचा स्नानसंस्कार आम्ही त्याच नावाने आनंदाने केला. सुपीक भूमी हा अर्थ सुंदरच आहे. मात्र जो आईबाप परक्या देवतेच्या नावाला कॅथलिक म्हणून मिरवतो, त्याने प्रीती, करुणा, आशा, शांती या नावांना परधर्मी म्हणण्याचा हक्क गमावला आहे, हे त्याने जाणावे.

आणि पुढच्या वेळी कार्यालयाच्या कोपऱ्यातून एखादी आजी ‘शांती’ म्हणाली, तर कृपा करून तिला गप्प बसवू नका.