वॉरंट, जामीन आणि जामीनदार

न्यायालयाचे वॉरंट घेऊन पोलीस दारात उभे राहिले की पापभीरू कुटुंबाच्या तोंडचे पाणी पळते. कोणी गावी निघून जाण्याचा सल्ला देतो, कोणी ‘वर ओळख’ शोधू लागतो. हे दोन्ही मार्ग घातक आहेत. वॉरंट म्हणजे शिक्षा नव्हे. आरोपीला न्यायालयापुढे आणण्याचा तो आदेश आहे. तो अमलात येईपर्यंत किंवा ज्या न्यायालयाने काढला ते न्यायालय तो रद्द करीपर्यंत जिवंत राहतो. आपण दडून राहिलो म्हणून त्याची मुदत संपत नाही. उलट, फरारी असल्याची उद्घोषणा निघते आणि मालमत्तेवर जप्ती येऊ शकते.

येथे एक घोटाळा नेहमी होतो. ‘अजामीनपात्र वॉरंट’ आणि ‘अजामीनपात्र गुन्हा’ या दोन निराळ्या गोष्टी आहेत. धनादेश न वटल्याचा गुन्हा जामीनपात्र आहे. परंतु समन्स मिळूनही आरोपी तारखांना फिरकला नाही, तर त्याच खटल्यात अजामीनपात्र वॉरंट निघू शकते. अशा वेळी अटकपूर्व जामिनासाठी सत्र न्यायालयात धाव घेणे म्हणजे पैशाचा चुराडा होय, कारण ती तरतूद अजामीनपात्र गुन्ह्यांसाठी आहे. वकिलासह त्याच न्यायालयात स्वतः हजर व्हावे, गैरहजेरीचे खरे कारण सांगावे आणि वॉरंट रद्द करण्याचा अर्ज द्यावा, हाच सरळ मार्ग.

गुन्हा अजामीनपात्र असेल तर मात्र, अटक होण्यापूर्वी, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ खाली सत्र किंवा उच्च न्यायालयात अर्ज करता येतो. १ जुलै २०२४ पूर्वी हेच कलम ४३८ होते. फरारी घोषित झालेल्यास हा दिलासा सहसा मिळत नाही. म्हणून विलंब नको.

‘जामीन हा नियम, तुरुंग हा अपवाद’ हे तत्त्व न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी १९७७ साली मांडले. बेकायदा कृत्ये प्रतिबंधक कायद्यात हा क्रम जवळजवळ उलटा होतो. येशूसंघीय फादर स्टॅन स्वामी यांना ऑक्टोबर २०२० मध्ये, वयाच्या ८३ व्या वर्षी, अटक झाली. मार्च २०२१ मध्ये विशेष न्यायालयाने जामीन नाकारला आणि उच्च न्यायालयात अर्ज प्रलंबित असतानाच ५ जुलै २०२१ रोजी वांद्रे येथील होली फॅमिली रुग्णालयात त्यांनी प्राण सोडला. दोषी की निर्दोष, हे ठरलेच नाही.

गरिबाची अडचण याहून साधी, पण तितकीच जीवघेणी. जामीन मंजूर होतो आणि जामीनदार मिळत नाही! मोतीराम नावाच्या गवंड्याला सर्वोच्च न्यायालयाने जामीन दिला असता दंडाधिकाऱ्याने दहा हजारांचा जामीनदार मागितला आणि सख्ख्या भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून त्याला नाकारले. १९७८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्यावर कडक ताशेरे ओढले. तरीही २०२३ साली त्याच न्यायालयाला पुन्हा सांगावे लागले की, जामीन मंजूर होऊन महिनाभरात पूर्तता झाली नाही तर अटी शिथिल करण्याचा विचार व्हावा. पंचेचाळीस वर्षांत आपण कितीसे पुढे सरकलो?

थेस्सलनीका येथे पौलाला आश्रय देणाऱ्या यासोनाला व इतर बंधूंना जामीन घेऊन सोडल्याची नोंद प्रेषितांच्या कृत्यांत (१७:९) आहे. नीतिसूत्रांत मात्र परक्यासाठी जामीन राहण्याविरुद्ध इशारा आहे, आणि तोही खोटा नाही. आरोपी पळाला तर बंधपत्राची रक्कम जामीनदाराकडून वसूल होते. तेव्हा माणूस पारखूनच उभे राहावे. ओळखपत्र, शिधापत्रिका, सातबारा वा घरपट्टीची पावती, नोकरदारास पगारपत्रक आणि न्यायालयाने मागितल्यास तहसीलदारांचा ऐपतीचा दाखला, एवढे कागद बहुधा लागतात. वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. स्त्रिया, आदिवासी आणि कोठडीतील व्यक्ती यांना तेथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.