गावाचा आवाज, व्हाया गिरगाव

आमच्या भंडारा जिल्ह्यात दिवाळी झाली की मंडया सुरू होतात. पुण्या-मुंबईच्या मित्रांना दरवेळी सांगावं लागतं, की मंडई म्हणजे भाजीबाजार नव्हे. ही गावाची जत्रा. दिवसा पाळणे, ऊस, शिंगाडे, जिलेबी. रात्री दंडार नाहीतर खडी गंमत.

लहानपणी लाखनीकडच्या एका मंडईत भोंग्यावर दिवसभर लावण्या वाजत होत्या. मी आजोबांना विचारलं, "कोन गाते गा आबाजी हे?" ते म्हणाले, "मुंबईची बाई होय ते." मला काही ते पटलं नाही. इतका गावरान ठसका, आणि मुंबईचा?

पण आबाजींचं खरं होतं. सुलोचना चव्हाण (माहेरच्या कदम) 1933 साली मुंबईत जन्मल्या, गिरगावात वाढल्या. लहानपणी मेळ्यातून गायल्या, मग 'के. सुलोचना' या नावाने हिंदी सिनेमांत. 1951 च्या 'ढोलक'मधली त्यांची गाणी ऐका, पुढे ही बाई लावणी गाणार आहे याचा पत्ताही लागत नाही. लावणीतला शब्द कसा फेकायचा, कुठे दाबायचा, हे पती श्यामराव चव्हाणांनी त्यांच्याकडून घटवून घेतलं. मग 'रंगल्या रात्री अशा' (1962), 'सवाल माझा ऐका' (1964), 'मल्हारी मार्तंड' (1965). आचार्य अत्र्यांनी 'लावणीसम्राज्ञी' म्हटलं. 2022 साली पद्मश्री मिळाली.

बाई कधी तमाशाच्या फडात नाचल्या नाहीत. कार्यक्रमात डोक्यावरचा पदर ढळू न देता गायच्या. नखरा, रुसवा, टोमणा, सगळं फक्त गळ्यातून. म्हणूनच ती गाणी रेकॉर्डवर इतकी जिवंत वाटतात. जे काही होतं ते आवाजातच होतं, आणि रेकॉर्डवर तर आवाजच उतरतो!

आता जरा लांबची गोष्ट. अमेरिकेत कंट्री म्युझिक म्हणजे त्यांचं गावरान गाणं. त्यातली मोठी गायिका लॉरेटा लिन. जन्म 1932, केंटकीतल्या कोळसा खाणकामगाराच्या घरात. पंधराव्या वर्षी लग्न. 1960 साली एका छोट्या कंपनीने पहिली रेकॉर्ड काढली, तेव्हा नवरा-बायको गाडीत रेकॉर्डी टाकून एकेका रेडिओ स्टेशनवर वाजवायला देत फिरले. पुढे ती स्वतःच्या घरावर, बापाच्या कष्टांवर स्वतः गाणी लिहून गायली. ऑक्टोबर 2022 मध्ये ती गेली, डिसेंबरात सुलोचनाबाई गेल्या.

दोघीही माझ्या प्लेलिस्टमध्ये आहेत. पण एक फरक मला छळतो. तिकडे खेड्यातली बाई स्वतः रेकॉर्डपर्यंत पोचली. आमच्याकडे रेकॉर्ड खेड्यात पोचली, पण आमचं खेडं रेकॉर्डपर्यंत पोचलंच नाही.

खडी गंमत बघितलीय कधी? कलाकार उभ्याने गातात, वाजवतात, ढोलकी आणि तुणतुण्यावर रात्र काढतात. बाईचं काम पुरुष करतो. बोली आमची झाडीबोली, ज्यात 'पाणी'चं 'पानी' होतं. समोरच्या पब्लिकला बघून शाहीर जागच्या जागी ओळी जोडतो. हे सगळं जुन्या तबकडीच्या एका बाजूच्या तीन-साडेतीन मिनिटांत कसं मावणार? तीन मिनिटांत बसणारी गाणी मुंबईच्या स्टुडिओत तयार झाली आणि आमच्याच भोंग्यावर येऊन वाजली. हळूहळू आम्हालाही वाटू लागलं, की गावरान म्हणजे असंच असतं.

यात सुलोचनाबाईंचा काय दोष? त्यांनी आपलं काम चोख केलं. दोष आमचा. दिवसा भोंगा ऐकणारे आम्ही रात्री गंमत सुरू झाली, की मुलांना घरी घेऊन जायचो. 'ते काय बघायचं,' म्हणून. शिकलेल्यांना लाज वाटायची. मलाही वाटायची, खोटं कशाला बोलू.

आज तबकडीची अडचण राहिलेली नाही. खडी गंमतीचे व्हिडिओ यूट्यूबवर येतात. पण बरेचसे चार-पाच मिनिटांचे तुकडे, शाहिराचं नाव नाही, गाव नाही. ऑफिसात डेटाबेसचा बॅकअप रोज रात्री घेतो आपण. आणि गावातला म्हातारा शाहीर गेला, की त्याला तोंडपाठ असलेलं सगळं त्याच्याबरोबर जातं.

म्हणून यंदा ठरवलंय. मंडईला सुट्टी टाकून जायचं. शाहिराला आधी विचारायचं, त्याची बिदागी द्यायची, आणि पूर्ण रात्र रेकॉर्ड करायची, कापाकापी न करता. नाव, गाव, कुणाकडून शिकला, हे लिहून घ्यायचं. एक कॉपी त्याच्या घरी, एक आपल्याकडे.

तुमचं गाव भंडाऱ्यात नसेल, पण तिथेही कुणीतरी गात असेलच की. या दिवाळीत जाताना फोन चार्ज करून न्या.