गावी परतण्याचा खेळ मराठीत हवा

वांद्रे-मडगाव एक्स्प्रेसला २९ ऑगस्ट २०२४ रोजी बोरिवलीत हिरवा झेंडा दाखवला गेला आणि पश्चिम उपनगरांतल्या चाकरमान्यांना गावची गाडी जवळ आली. गावी जाणं थोडं सोपं झालं. गावी कायमचं राहायला जाणं मात्र अवघडच आहे.

घर सामायिक, सातबाऱ्यावर चुलत्यांची आणि आत्यांची नावं, मुलांची शाळा मुलुंडला, आईचा डॉक्टर घाटकोपरला. यातल्या एका प्रश्नाचं उत्तर बदललं तरी पुढची सगळी गोष्ट बदलते. म्हणूनच ती सांगायला व्हिज्युअल नॉव्हेल हा संगणकीय खेळांचा प्रकार चपखल आहे. जपानमध्ये रुजलेल्या या प्रकारात चित्रं, संगीत आणि संवादांतून कथा उलगडते. मध्येच वाचकाला निर्णय घ्यावा लागतो आणि शेवट त्यावर ठरतो.

मराठी पडद्याला परतीची कथा नवी नाही. ‘रात्रीस खेळ चाले’ (२०१६) या मालिकेत कुटुंबप्रमुख अण्णांच्या मृत्यूनंतर नाईक कुटुंब कोकणातल्या घरी जमतं. २०२५मध्ये सनडान्स महोत्सवात ग्रँड ज्युरी पारितोषिक मिळवणाऱ्या रोहन कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ या चित्रपटातला आनंद वडिलांच्या सुतकासाठी मुंबईहून गावी जातो. दोन्हीकडे निमित्त मृत्यूचं आहे. जिवंतपणी, विचार करून परतणाऱ्यांची गोष्ट अजून सांगायची आहे.

बाहेर खेळांतून घर-गावाच्या गोष्टी सांगण्याचे प्रयोग झाले आहेत. ‘नाइट इन द वुड्स’ (२०१७) या खेळात कॉलेज सोडून आलेली मे आपल्या उतरती कळा लागलेल्या खाणगावात परतते. ‘वेन्बा’ने (२०२३) कॅनडातल्या तमिळ कुटुंबाची कहाणी स्वयंपाकघरातून सांगितली आणि पदार्पणासाठीचा बाफ्टा मिळवला.

मराठीत साधनांची अडचण नाही. व्हिज्युअल नॉव्हेल बनवण्याचं रेन्पाय हे सॉफ्टवेअर फुकट मिळतं. मुंबईच्या ‘एक टाइप’ या संस्थेचे ‘मुक्त’ आणि ‘बलू’ हे देवनागरी फाँट कोणालाही वापरता येतात. पवईला आयआयटीत डिझाइन शिकणारी मुलं आहेत.

उणीव आहे ती पाठबळाची. राज्य मराठी विकास संस्थेने नाटक-कादंबरीइतक्याच गांभीर्याने या प्रकाराकडे पाहावं आणि नव्या संहितांना अनुदान द्यावं. लिहिणाऱ्यांनीही गावाचं नुसतं निसर्गचित्र काढू नये. काकी मालवणीतच बोलू दे, तलाठ्याकडचे हेलपाटे खेळणाऱ्यालाही घालावे लागू देत, आणि ‘मुंबईतच राहायचं’ हा शेवट पराभव म्हणून रंगवला जाऊ नये.