मित्राचा कॅमेरा

"मित्रानं काढलेला चित्रपट म्हणजे आरती ओवाळणं हो, दुसरं काय!" आमचे एक स्नेही परवा म्हणाले. विषय होता ज्याँ रूश यांनी मानववंशशास्त्रज्ञ मार्गारेट मीड यांच्यावर केलेल्या लघुपटाचा. 'एका मित्राने रेखाटलेले चित्र' असे त्याच्या इंग्रजी नावातच आहे. स्नेह्यांना तेवढे पुरले. मला हे मुळीच मान्य नाही.

१९७७ साली न्यूयॉर्कच्या अमेरिकन म्युझियम ऑफ नॅचरल हिस्टरीमध्ये हे चित्रण झाले. मीडबाई तेव्हा पंचाहत्तर वर्षांच्या, आणि १९२६ पासून त्याच संग्रहालयात. रूशही मानववंशशास्त्रज्ञच. कॅमेरा हातात धरून ते बाईंबरोबर हिंडतात, फ्रेंच वळणाच्या इंग्रजीत विचारतात, आणि बाई बोलत राहतात.

गंमत अशी की, कॅमेरा तिपाईवर ठेवावा, माणसाने मध्ये लुडबुड करू नये, हे मत खुद्द मीडबाईंचे. त्यावरून १९७६ साली त्यांचा ग्रेगरी बेटसन यांच्याशी चांगलाच वाद झाला होता. (हे त्यांचे पूर्वीचे पती. दोघांनी मिळून बालीत हजारो छायाचित्रे काढली होती.) आणि रूश यांची तिपाई तर म्हणे तरुणपणीच नायजर नदीच्या प्रवाहात गेली, ती त्यांनी परत घेतलीच नाही!

पण तिपाईशी बोलणार कोण? साहेब तपासणीला यायचे, त्या दिवशी आम्ही वर्गात कसे शिकवत होतो ते मला ठाऊक आहे. खडू नवा, फळा स्वच्छ, पोरे पढवलेली. साहेब अगदी तटस्थ असत. त्यांना काय दिसले?

मित्र काही प्रश्न विचारत नाही, हे कबूल. पण तो मित्र आहे हे शीर्षकातच सांगून मोकळा होतो. डेरेक फ्रीमन यांनी बाईंच्या १९२८ च्या सामोआवरील पुस्तकाला खोडून काढणारे पुस्तक १९८३ साली काढले. बाई १९७८ मध्येच वारल्या होत्या, उत्तर कोण देणार? पुढे २००९ मध्ये पॉल शँकमन यांनी फ्रीमन यांच्याच मांडणीतल्या उणिवा पुस्तकभर दाखवल्या. तरी आमच्या स्नेह्यांच्या लेखी फ्रीमन 'तटस्थ संशोधक', आणि रूश भाट! वैर धरले की माणूस तटस्थ होतो, हा कुठला न्याय?

असो. बोलता बोलता कळले की स्नेह्यांनी तो लघुपट पाहिलेलाच नाही. अर्ध्या-पाऊण तासाचा तर आहे. आधी पाहावा, मग खुशाल भांडायला यावे. चहा मी टाकतो.