शुक्रवारी येणारी एक तारीख

गेल्या शनिवारी सकाळी आईचा फोन. "अरे, आज मार्गशीर्ष शुद्ध पंचमी. तिथीने तुझा वाढदिवस. देवापुढे दिवा लावलास का?" मी अर्धवट झोपेत म्हणालो, "अगं आई, माझा वाढदिवस तारखेने असतो. ही तिथी-बिथी सगळी काल्पनिक भानगड आहे." ती फक्त "बरं" म्हणाली आणि फोन ठेवला. आईचं असं "बरं" ऐकलं की समजायचं, आपण माती खाल्ली.

आणि आदल्या रात्री दोनपर्यंत जागून मी काय वाचत होतो? तर एल्फ लोकांचं कॅलेंडर!

टॉल्किनच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चा तिसरा भाग १९५५ साली आला. त्याच्या शेवटी जी परिशिष्टं आहेत, त्यातलं एक अख्खं परिशिष्ट कालगणनेवर आहे. एल्फ अमर, त्यामुळे त्यांचं मोठं माप १४४ वर्षांचं. आठवडा सहा दिवसांचा, ऋतूही सहा (हे वाचून मला एकदम घरच्यासारखं वाटलं). दर बारा वर्षांनी तीन दिवस जास्तीचे धरायचे, पण दर ४३२ वर्षांनी एकदा ते गाळायचे. मी कागदावर हिशोब करून पाहिला. वर्षाची सरासरी येते ३६५.२४३ दिवस. खरं सौर वर्ष ३६५.२४२२. म्हणजे मनातल्या जगासाठीसुद्धा या माणसाने लीप इयरचा नियम नीट बसवला होता.

हॉबिट लोकांचं कॅलेंडर तर अजूनच भन्नाट. तीस दिवसांचे बारा महिने आणि वर पाच सुटे दिवस. त्यातल्या वर्षाच्या मधल्या दिवसाला वारच द्यायचा नाही. उरले ३६४, म्हणजे बरोबर ५२ आठवडे. लीप वर्षातल्या जादा दिवसालाही वार नाही. त्यामुळे कुठल्याही तारखेला दरवर्षी तोच वार! या रचनेत एकही महिना शुक्रवारी सुरू होत नाही. म्हणून "शुक्रवारी, एक तारखेला" म्हणजे हॉबिट भाषेत "कधीच नाही".

अर्थात टॉल्किनच्या कोडमध्येही बग होते. १९४४ साली मुलाला लिहिलेल्या पत्रात त्याने तक्रार केलीय की कथेतला चंद्र एकीकडे उगवतोय आणि त्याच वेळी दुसरीकडे मावळतोय. मग बसून मागची प्रकरणं दुरुस्त केली. मेंटेनन्स कुणाला चुकलाय!

तर मुद्दा असा. चांद्रमास साधारण २९.५३ दिवसांचा, वर्ष ३६५.२४२२ दिवसांचं, आठवडा सातचा. या तिघांचा एकमेकांना पूर्ण भाग जात नाही. त्यामुळे प्रत्येक कॅलेंडर काहीतरी सोडून देतं. हॉबिटांनी आणि ग्रेगरियनवाल्यांनी चंद्र सोडला. हिजरीने सूर्य सोडला. आपल्या पंचांगाने मात्र दोघांनाही धरून ठेवलंय, आणि त्यासाठी १९ वर्षांत ७ अधिक मास घालायची कटकट पत्करलीय. इंजिनिअर म्हणून विचाराल तर यातला सगळ्यात अवघड प्रश्न आईच्या भिंतीवरचं कॅलेंडर सोडवतंय. आणि मी त्यालाच काल्पनिक म्हणालो.

आता दुसरी बाजू. हॉबिटांसारखीच सुधारणा खऱ्या जगातही सुचवली गेली होती. 'वर्ल्ड कॅलेंडर' नावाची ती योजना १९५३मध्ये संयुक्त राष्ट्रांपुढे मांडली भारताने, आणि तिच्या मागे होते शास्त्रज्ञ मेघनाद साहा. त्यातही वर्षाच्या शेवटचा दिवस बिनवाराचा होता. पण ज्यांचा शब्बाथ, रविवार किंवा शुक्रवार मोडला असता त्यांनी विरोध केला, आणि १९५६मध्ये योजना गुंडाळली गेली. शायरमधल्या हॉबिटांनी जे करून टाकलं, ते आपल्या जगात "शुक्रवारी, एक तारखेला" गेलं.

साहांचंच दुसरं काम म्हणजे १९५२ची पंचांग सुधारणा समिती. देशातली सुमारे ३० वेगवेगळी पंचांगं बघून समितीने १९५५मध्ये अहवाल दिला, आणि २२ मार्च १९५७पासून राष्ट्रीय दिनदर्शिका लागू झाली. गणित चोख. पण त्या दिनांकाने वाढदिवस करणारा माणूस मी तरी पाहिलेला नाही.

म्हणून पंचांगात सगळं आलबेल आहे असं मी म्हणणार नाही. सूर्य उत्तरेकडे वळतो २१-२२ डिसेंबरला, आणि आपण संक्रांत करतो १४-१५ जानेवारीला. कारण आपलं नाक्षत्र वर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे वीस मिनिटांनी मोठं आहे, आणि ती वीस-वीस मिनिटं शतकानुशतकं साठत आलीत. हे उघडपणे सांगायला हवं, शाळेत शिकवायला हवं. आणि पंचांगाच्या उरलेल्या पानांवरच्या राशीभविष्याला या गणिताची पुण्याई अजिबात देऊ नये. पण ज्यांच्या मुला-नातवंडांचे वाढदिवस आणि गेलेल्यांची श्राद्धं त्या तिथ्यांना बांधलेली आहेत, त्यांना न विचारता कुणी प्रॉडक्शनमध्ये पॅच टाकू शकत नाही. टॉल्किनला टाकता आला, कारण त्याच्या जगात फोन करणारी आई नव्हती.

असो. संध्याकाळी मीच फोन केला. दर १९ वर्षांनी तिथी आणि तारीख जवळजवळ परत जुळतात. माझ्या एकोणिसाव्या वर्षी, मी हॉस्टेलवर असताना, दोन्ही एकाच दिवशी आल्या होत्या. आईने तेव्हा तसं सांगितलंही होतं, मला तो योगायोग वाटला होता. आता तिला सगळं गणित समजावून सांगितलं आणि म्हणालो, "अडतिसाव्या वर्षी पुन्हा एकत्र येतील बघ."

ती म्हणाली, "ते मला माहितीये. म्हणजे त्या वर्षी पुरणपोळी एकदाच. नुकसान तुझंच. दिवा लावलास का?"

लावला.